कॅसेटमधला मोगली: 'जंगल बुक'चा हिंदी आवाज घरच्या घरी कसा वाचवावा

आमच्या घरातल्या लोखंडी कपाटाच्या सर्वांत खालच्या कप्प्यात १८० मिनिटांची एक व्हीएचएस कॅसेट होती आणि तिच्या कण्यावर आईच्या अक्षरात 'मामाचे लग्न + मोगली. पुसू नये' असे लिहिलेले होते. लग्नाचे चित्रण दोन तासांत आटोपले होते. उरलेल्या तासाभराच्या फितीवर आईने रविवारी सकाळी दूरदर्शनवर लागणाऱ्या 'जंगल बुक' मालिकेचे दोन पूर्ण भाग आणि तिसऱ्याचा अर्धा भाग टिपून ठेवला होता. फीत वाया जाऊ नये म्हणून जाहिराती सुरू झाल्या की ती पॉजचे बटण दाबत असे आणि मालिका पुन्हा सुरू झाल्यावर ते सोडायला तिला दोन-तीन सेकंद उशीर होत असे. त्यामुळे आमच्या कॅसेटमध्ये दर विश्रांतीनंतरचे पहिले वाक्य अर्धवटच ऐकू येते. पंगतीत वाढल्या जाणाऱ्या जिलबीवरून चित्र एकदम थरथरते आणि थेट जंगलात पोहोचते, हा जोड आमच्याकडे कोणालाही विचित्र वाटत नाही.

अशा कॅसेटी अनेक घरांत अजून असतील. त्या कशा तपासाव्यात, वाजवाव्यात, संगणकावर उतरवाव्यात आणि उतरवल्यावर कशा सांभाळाव्यात, याची पद्धत येथे क्रमाने दिली आहे. यातील बरेचसे मी चुका करून शिकलो आहे.

आधी ठरवावे: वाचवायचे काय?

ही मालिका जपानमधल्या निप्पॉन ॲनिमेशन या संस्थेने केली. फुमिओ कुरोकावा यांनी दिग्दर्शित केलेले तिचे ५२ भाग टीव्ही टोकियो या वाहिनीवर २ ऑक्टोबर १९८९ पासून पुढील वर्षाच्या ऑक्टोबरअखेरपर्यंत दाखवले गेले. कथेचा आधार रुडयार्ड किपलिंगची १८९४ आणि १८९५ मधली दोन पुस्तके हा आहे. किपलिंगचा जन्म १८६५ मध्ये मुंबईत, आजच्या जे. जे. कला महाविद्यालयाच्या आवारात झाला. त्याच्या गोष्टीतल्या सिवनीच्या टेकड्या मध्य प्रदेशात आहेत, आणि मोगलीच्या जंगलातून वाहणारी वैनगंगा पुढे भंडारा आणि गडचिरोली जिल्ह्यांतून वाहते. म्हणजे टोकियोतल्या चित्रकारांनी रंगवलेल्या नदीचे पाणी अखेर विदर्भातच येते. जपानी मंडळींनी मूळ कथेत काही पात्रांची भरही घातली, त्यांतले सर्वांत लाडके म्हणजे किची नावाचा तांबडा पांडा. हा प्राणी पूर्व हिमालयातला असतो. तो सिवनीच्या सागवानाच्या जंगलात कसा पोहोचला, हे बालपणी कोणी विचारले नाही आणि आता विचारण्यात अर्थ नाही.

मालिका अजून आठवते याचे एक कारण तिची संथ लय हे आहे. ५२ भागांचा अवकाश मिळाल्यामुळे लांडग्यांच्या कळपाचे रोजचे जगणे, भूक, शिकार आणि कळपातले रुसवेफुगवे यांना पुरेसा वेळ मिळाला. जंगलाचा कायदा कोणी उपदेश म्हणून सांगत नाही; तो मोडला की काय होते, ते मुलांना समोर दिसते. परंतु मराठी घरांत ही मालिका रुजली ती आवाजामुळे, असे माझे स्पष्ट मत आहे. गुलजारांचे शब्द आणि विशाल भारद्वाजांचे संगीत लाभलेले शीर्षकगीत जपानी मालिकेत नाही, ते फक्त हिंदी आवृत्तीत आहे. शेरखानला नाना पाटेकरांनी दिलेला आवाजही केवळ हिंदीतच आहे. वाघ पडद्यावर येण्याआधी त्याचा आवाज यायचा आणि आम्ही पाय पलंगावर ओढून घ्यायचो. त्यातला खवचटपणा तेव्हा कळत नव्हता, पण दरारा कळत होता.

यावरूनच जतनाचा प्राधान्यक्रम ठरतो. या मालिकेचे चित्र जपानमधल्या निर्मात्यांकडे आहे आणि ती अनेक देशांत अनेक भाषांतून दाखवली गेली असल्यामुळे चित्राच्या चांगल्या प्रती जगात इतरत्रही आहेत. घरच्या कॅसेटमधले पुसट, हलणारे चित्र त्या प्रतींच्या जवळपासही जाऊ शकत नाही. हिंदी ध्वनी मात्र फक्त भारतात तयार झाला, आणि दूरदर्शनच्या बाहेर तो टिकला असेल तर मुख्यतः अशाच घरगुती फितींवर. एप्रिल २०२० मध्ये टाळेबंदीच्या दिवसांत दूरदर्शनने ही मालिका पुन्हा दाखवली, तेव्हा अनेकांना आता ती 'वाचली' असे वाटले. परंतु पुनःप्रसारण म्हणजे जतन नव्हे. त्या वेळी ज्याने काही टिपून ठेवले नाही, त्याच्या हाती काहीच उरले नाही. शिवाय नव्वदच्या दशकातल्या कॅसेटवर भागाच्या आधीचे निवेदन, मधल्या जाहिराती आणि प्रसारणात आलेले व्यत्यय असतात, आणि ते दुसऱ्या कोणत्याही प्रतीत नसतात. म्हणून येथून पुढची प्रत्येक पायरी आधी आवाजाचा आणि मग चित्राचा विचार करते.

कॅसेट हातात घेतल्यावर

कॅसेट लगेच व्हीसीआरमध्ये घालण्याचा मोह आवरावा. सर्वप्रथम तिच्या कण्याच्या कोपऱ्यातला प्लास्टिकचा छोटा चौकोनी तुकडा जागेवर आहे का ते पाहावे, आणि असल्यास पेचकसाने तोडून टाकावा. तो तुटल्यावर त्या कॅसेटवर नव्याने काही मुद्रित होत नाही, त्यामुळे चुकून रेकॉर्डचे बटण दाबले गेले तरी नुकसान होत नाही. त्यानंतर कॅसेट, तिचे खोके आणि त्यावरची सर्व अक्षरे यांची उजेडात छायाचित्रे घ्यावीत. लेबल अर्धवट सुटलेले असेल तर ते ओढून काढू नये, कारण त्यावरच्या तारखा पुढे भाग ओळखण्यासाठी उपयोगी पडतात.

मग पारदर्शक खिडकीतून फितीची गुंडाळी पाहावी. निरोगी गुंडाळी काळसर, सपाट आणि एकसारखी चकाकणारी दिसते. तिच्यावर पांढरी भुकटी, करड्या रेषा किंवा कोळ्याच्या जाळ्यासारखे तंतू दिसले तर ती बुरशी समजावी. कोकणात किंवा मुंबईत चार पावसाळे बंद कपाटात काढलेल्या कॅसेटला ती हमखास लागते. बुरशी लागलेली कॅसेट व्हीसीआरमध्ये घातल्यास बुरशी हेडवर, म्हणजे फीत वाचणाऱ्या भागावर, पसरते आणि पुढच्या प्रत्येक कॅसेटला लागते. अशी कॅसेट वेगळ्या पिशवीत ठेवावी, हाताळताना तोंडाला मास्क लावावा आणि ती घरात उघडू नये. तिला उन्हात वाळवणे हा सर्वांत लोकप्रिय आणि सर्वांत वाईट उपाय आहे, कारण उष्णतेने फीत वळते आणि कवचही वाकते. सिलिका जेलच्या पुड्यांसह हवाबंद डब्यात काही आठवडे ठेवल्यास बुरशीची वाढ थांबते आणि ती कोरडी पडते, पण ती साफ करण्याचे काम फितींची साफसफाई करणाऱ्या जाणकाराकडेच द्यावे.

आता फितीच्या कडा पाहाव्यात. ही पायरी बहुतेक जण गाळतात आणि आवाजाच्या दृष्टीने तीच सर्वांत महत्त्वाची आहे. व्हीएचएसची फीत १२.७ मिलिमीटर रुंद असते. चित्र तिच्या मधल्या रुंद पट्ट्यात तिरप्या रेषांमध्ये साठवलेले असते, तर साध्या व्हीसीआरने टिपलेला आवाज वरच्या कडेने जाणाऱ्या जेमतेम १ मिलिमीटर रुंदीच्या पट्टीत असतो. फितीची कड चुरगळली किंवा दुमडली तर चित्र बरेचसे तसेच राहते, पण आवाज तुटक होतो. पडद्यावर सर्व काही ठीक दिसत असताना संवाद मध्येच बुडत असतील, तर दोष बहुधा कडेतच असतो. कॅसेट आडवी, वर इतर सामानाचा भार ठेवून वर्षानुवर्षे राहिली असेल तर हीच कड आधी खराब होते.

कॅसेटचे कवच तडकलेले असेल किंवा चकती अडकत असेल, तर त्याच मापाची निकामी कॅसेट घेऊन तिच्या कवचात फीत बसवता येते. कवचाच्या मागे पाच स्क्रू असतात. ते काढण्यापूर्वी कॅसेट पालथी ठेवावी आणि वरचा भाग उचलण्याआधी प्रत्येक टप्प्यावर मोबाइलने छायाचित्र घ्यावे, कारण आतल्या लहान स्प्रिंग उडाल्या की त्या कुठे बसत होत्या हे आठवत नाही. फितीला बोटे लावू नयेत.

व्हीसीआर: मिळवणे आणि तयार करणे

व्हीसीआर बनवणारी शेवटची जपानी कंपनी फुनाई हिने जुलै २०१६ मध्ये उत्पादन थांबवले. त्यामुळे आता मिळेल ते यंत्र जुनेच असणार. जुन्या बाजारातून घेताना ते चालू करून, आपली टाकाऊ कॅसेट घालून आणि पुढे-मागे फिरवून पाहावे. मूळ ध्वनिमुद्रण ज्या यंत्रावर झाले तेच यंत्र घरात असेल तर दुरुस्तीचा खर्च थोडा जास्त आला तरी ते दुरुस्त करून घ्यावे. हेडचा कोन प्रत्येक यंत्रात किंचित वेगळा असतो आणि ज्या कोनात आवाज टिपला गेला त्याच कोनात तो सर्वांत स्वच्छ वाजतो, हे त्यामागचे कारण आहे.

यंत्राची स्वच्छता ९९ टक्के आयसोप्रोपिल अल्कोहोलने करावी. चित्राचे हेड ज्यावर बसवलेले असते त्या फिरणाऱ्या ड्रमवर कापसाची काडी कधीही वापरू नये, कारण कापसाचे तंतू हेडच्या नाजूक कडेत अडकून ती तुटू शकते. कोऱ्या जाड कागदाच्या पट्टीला अल्कोहोल लावून ती ड्रमला हलकेच टेकवून धरावी आणि दुसऱ्या हाताने ड्रम वरून सावकाश फिरवावा. कागद वर-खाली हलवू नये. आवाजाचे हेड ड्रमपासून थोडे दूर, स्थिर असते आणि ते मात्र काडीने पुसले तरी चालते. रबरी चाकाला अल्कोहोल लावल्यास रबर कडक होते, म्हणून ते ओलसर कापडानेच पुसावे. सर्व वाळल्यावर किमान अर्धा तास टाकाऊ कॅसेट वाजवून पाहावी आणि तिच्यावर ओरखडा उमटत नाही याची खात्री झाल्याशिवाय मोगलीची कॅसेट आत घालू नये.

ज्यांचे कान तयार आहेत आणि ज्यांच्याकडे जाणकार तंत्रज्ञ आहे, त्यांनी आवाजाच्या हेडचा कोन जुळवून घ्यावा. हेडशेजारी एक बारीक स्क्रू असतो आणि तो पाव फेऱ्याहूनही कमी फिरवला तरी संवादातला 'स' आणि 'श' उजळतो किंवा मंदावतो. 'शेरखान' या शब्दातला 'श' ही यासाठी उत्तम परीक्षा आहे. स्क्रूची मूळ जागा आधी रंगाने खुणावावी. शेजारचे स्क्रू फितीच्या मार्गाचे असतात आणि त्यांतला चुकीचा फिरवल्यास चित्रही हातचे जाते, म्हणून खात्री नसेल तर या वाटेला जाऊ नये. ट्रॅकिंगचे बटण मात्र निर्धास्त फिरवावे. साध्या ध्वनीवर त्याचा परिणाम होत नाही, ते केवळ चित्रासाठी असते.

उतरवून घेणे

फीत प्रथम एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत पूर्ण फिरवावी आणि परत आणावी, म्हणजे वर्षानुवर्षे घट्ट बसलेले थर सुटतात आणि ताण सारखा होतो. त्यानंतर मात्र 'आधी एकदा पाहून घेऊ' असे म्हणू नये. खराब होत चाललेली फीत प्रत्येक वाजवणीत थोडी झिजते आणि कधीकधी पहिली वाजवणी हीच सर्वांत चांगली ठरते. म्हणून प्ले दाबण्यापूर्वीच संगणकावर मुद्रण सुरू झालेले असावे.

व्हीसीआरच्या पांढऱ्या पिनेतून येणारा आवाज संगणकाच्या माइकच्या खाचेत कधीही जोडू नये, कारण ती खाच क्षीण संकेतासाठी असते आणि तेथे आवाज फाटतो. लाइन-इन असलेले साधे यूएसबी ध्वनियंत्र वापरावे. पातळी अशी ठेवावी की शीर्षकगीताच्या सर्वांत जोरकस जागी सुई उणे ६ डेसिबलच्या पुढे जाणार नाही. मुद्रण ४८ किलोहर्ट्झ आणि २४ बिटवर, वेव्ह स्वरूपात करावे. एका वाहिनीचा तासाभराचा आवाज अशा रीतीने साधारण ५२० मेगाबाइट जागा घेतो, म्हणजे आज जागेची सबब सांगता येणार नाही.

चित्र पिवळ्या पिनेतून त्याच वेळी घ्यावे, जरी ते दुय्यम असले तरी. आवाज कुठल्या दृश्याचा आहे हे त्याच्याशिवाय पुढे ठरवता येत नाही. टिपण्याच्या प्रणालीत पाल ही आपल्याकडच्या प्रसारणाची पद्धत निवडावी, आकार ७२० गुणिले ५७६ ठेवावा आणि सेकंदाला २५ चौकटी, म्हणजेच एकाआड एक रेषांचे ५० अर्धचित्रे, जशीच्या तशी घ्यावीत. रेषा जुळवण्याचे काम नंतर वेगळ्या प्रतीवर करता येते. एफएफव्ही१ सारखी काहीही न गमावणारी पद्धत वापरल्यास तासाला २५ ते ३५ गिगाबाइट लागतात. एमपी४ ही पाहण्यासाठीची प्रत आहे, जतनाची नव्हे. आवाज आणि चित्र शक्यतो एकाच प्रणालीत, एकाच वेळी टिपावे, नाहीतर तासाभरात दोन्ही एकमेकांपासून सरकतात.

मुद्रण जाहिरातींपाशी थांबवू नये, निवेदन कापू नये आणि फीत संपून निळा पडदा येईपर्यंत हात लावू नये. फितीची अवस्था चांगली असल्यास अशाच आणखी दोन वाजवण्या घ्याव्यात. एका वाजवणीत जेथे आवाज बुडतो, तेथे दुसरीत तो अनेकदा सापडतो.

येथे एक अनुभव सांगतो. माझ्या मावसभावाकडची अशीच एक कॅसेट आम्ही आधी एका दुकानात दिली होती. आठवड्याने चकती मिळाली तेव्हा जाहिराती आणि निवेदने 'अनावश्यक' म्हणून काढून टाकलेली होती, खरखर घालवण्याच्या भरात संवादांतले सगळे 'स' आणि 'फ' बोथट झालेले होते, आणि लग्नाच्या भागावर दुकानदाराने स्वतःच्या आवडीचे एक चित्रपटगीत चढवलेले होते. त्याने ते प्रेमानेच केले होते. दुकानात कॅसेट द्यायचीच असेल, तर 'काहीही कापू नये, काहीही साफ करू नये, काहीही घालू नये' असे कागदावर लिहून द्यावे आणि न दाबलेली मूळ फाइल हार्ड डिस्कवर मागावी.

आवाजाची साफसफाई: केवळ प्रतीवर

टिपलेली पहिली फाइल ही आता मूळ समजावी आणि तिला पुन्हा हात लावू नये. साफसफाई तिच्या प्रतीवर करावी. घरगुती फितीत दोन आवाज जवळजवळ नेहमी असतात. विजेच्या पुरवठ्याची ५० हर्ट्झची घुरघूर आणि पाल पद्धतीच्या चित्ररेषांची १५,६२५ हर्ट्झची बारीक शीळ, जी मुलांना ऐकू येते आणि चाळिशीनंतर बहुधा येत नाही. या दोन ठिकाणी अतिशय अरुंद चाळणी लावून ते काढता येतात आणि संवादाला धक्का लागत नाही. उरलेली खरखर मात्र पूर्ण घालवण्याचा प्रयत्न करू नये. वाघाच्या आवाजातली घरघर आणि फितीची खरखर यांतला फरक यंत्राला कळत नाही, आणि ते दोन्ही एकत्र पुसून टाकते.

स्वच्छ चित्राशी जुळवणी

कायदेशीररीत्या मिळवलेली जपानी किंवा अन्य भाषेतली स्वच्छ प्रत तुमच्याकडे असेल, तर घरच्या वापरासाठी तिच्यावर जुना हिंदी आवाज बसवता येतो. येथे बहुतेकांची गल्लत होते, म्हणून थोडे विस्ताराने सांगतो.

चित्रपटाची फीत सेकंदाला २४ चौकटींनी चालते, जपानमधले प्रसारण एनटीएससी पद्धतीचे होते आणि आपल्याकडचे पाल पद्धतीचे. दुसऱ्या देशासाठी प्रत करताना कधी चित्राची गती तशीच ठेवून केवळ पद्धत बदलली जाते, तर कधी २४ चौकटी थेट २५ च्या वेगाने चालवल्या जातात. दुसऱ्या प्रकारात २२ मिनिटांचा भाग सुमारे ५३ सेकंदांनी लहान होतो. तुमच्या कॅसेटवर यांपैकी काय आहे, हे अंदाजाने ठरवू नये, मोजावे. कॅसेटमधल्या चित्रात एकाच सलग तुकड्यातले दोन ठळक कट, म्हणजे दृश्य बदलण्याच्या जागा, निवडावेत, एक सुरुवातीचा आणि एक शेवटचा, आणि त्यांच्यातले अंतर सेकंदांत लिहून घ्यावे. स्वच्छ प्रतीत तेच दोन कट शोधून तेच अंतर मोजावे. दुसऱ्या आकड्याला पहिल्याने भागल्यावर उत्तर १ आले तर गती सारखी आहे; १.०४ च्या आसपास आले तर पालच्या वेगाचा फरक आहे. विश्रांतीच्या दोन्ही बाजूंचे कट निवडू नयेत, कारण मध्ये जाहिराती किंवा आमच्यासारखे पॉजचे बटण असू शकते. प्रत्येक तुकडा स्वतंत्रपणे मोजावा आणि स्वतंत्रपणे बसवावा.

फरक आढळला तर आवाज ताणून चित्राएवढा करण्याची इच्छा होते. ती आवरावी. हिंदी कलाकार आपल्याला कॅसेटवर दिसते त्याच वेगाचे चित्र समोर ठेवून बोलले असण्याचीच शक्यता अधिक आहे, म्हणजे कॅसेटच्या वेगावरच त्यांचा आवाज नैसर्गिक आहे. तो चार टक्क्यांनी मंद केला तर खाली उतरतो, शेरखान आळसावल्यासारखा बोलू लागतो आणि शीर्षकगीतातल्या मुलांचा आवाज मुलांचा राहत नाही. म्हणून बदल चित्रात करावा: स्वच्छ प्रत आधी २४ चौकटींवर आणून सेकंदाला २५ च्या वेगाने चालवावी आणि आवाजाला हात लावू नये. चार टक्के जलद धावणारा लांडगा कोणाच्या लक्षात येत नाही, पण अर्धा स्वर उतरलेला आवाज लगेच कळतो.

जेथे संवादाचा तुकडा हरवला आहे, तेथे जपानी आवाज घालून पोकळी भरू नये. तेथे शांतता ठेवावी आणि नोंदीत तसे लिहावे. पुढे कधी दुसऱ्या घरातल्या कॅसेटमधून तेवढे वाक्य मिळू शकते.

नोंदी

फाइलचे नाव 'मोगली१' असे ठेवल्यास पाच वर्षांनी त्याचा अर्थ कोणालाही लागत नाही. मालिका, जपानी क्रमांकानुसार भाग, कोणाच्या घरची कॅसेट, कितवी वाजवणी आणि टिपल्याची तारीख एवढे नावातच असावे. सोबत साध्या मजकुराची एक फाइल ठेवावी आणि तिच्यात व्हीसीआरचे नाव, जोडणी, पातळी, बुडालेल्या जागांचे मिनिट-सेकंद आणि लेबलावरचा मजकूर अक्षरशः उतरवावा. भागाच्या शेवटी श्रेयनामावली दिसत असेल तर प्रत्येक नावाची चौकट स्वतंत्र चित्र म्हणून जपावी. आवाज देणाऱ्या कलाकारांची नावे अशाच चौकटींतून हाती लागतात. मुद्रणाची तारीख लेबलावर नसेल, तर जाहिरातींतल्या सणाच्या सवलती आणि निवेदकाने सांगितलेले पुढचे कार्यक्रम यांवरून ती अनेकदा महिन्यापर्यंत काढता येते. जाहिराती न कापण्याचे आणखी एक कारण हेच.

साठवण आणि हक्क

एकूण तीन प्रती असाव्यात, त्या निदान दोन वेगळ्या प्रकारच्या साधनांवर असाव्यात आणि एक प्रत दुसऱ्या घरी असावी. घरी लिहिलेल्या डीव्हीडीवर विसंबू नये. प्रत्येक फाइलची एसएचए-२५६ मुद्रा, म्हणजे फाइलमध्ये जराही बदल झाला तर बदलणारी अक्षर-अंकांची खूण, काढून नोंदीत ठेवावी आणि वर्षातून एकदा, गणपतीच्या साफसफाईच्या सुमारास म्हणा हवे तर, ती पुन्हा काढून जुळते का ते पाहावे. जुळली नाही तर त्या डिस्कवरची प्रत टाकून दुसरीवरून नवी करावी. हार्ड डिस्क चार-पाच वर्षांनी, ती चालत असतानाच बदलावी.

हक्कांबाबत स्पष्ट असावे. भारतीय कॉपीराइट कायदा १९५७ च्या कलम ५२ मध्ये खासगी वापर आणि संशोधनासाठी रास्त वापराला मोकळीक आहे. परंतु आपण उतरवलेला भाग यूट्यूबवर टाकणे त्यात बसत नाही. चित्रपट व तत्सम कृतींचे संरक्षण प्रसिद्धीनंतरच्या वर्षापासून ६० वर्षे असते, म्हणजे १९८९ मधले भाग २०४९ अखेरपर्यंत आणि १९९० मधले २०५० अखेरपर्यंत संरक्षित आहेत. शीर्षकगीत आणि हिंदी संवाद यांचे हक्क वेगळे असू शकतात. आपल्याकडे दुर्मिळ भाग किंवा निवेदन आहे असे वाटत असेल, तर प्रसार भारतीच्या अभिलेखागाराला पत्र लिहून कोणता भाग, किती मिनिटे आणि कोणत्या अवस्थेत आहे एवढी नोंद कळवावी. मूळ कॅसेट टपालाने पाठवू नये.

कॅसेट उतरवून झाल्यावर ती फेकू नये, कारण दहा वर्षांनी तीच फीत आजच्यापेक्षा चांगल्या यंत्रातून वाचता येऊ शकते. ती एका टोकापर्यंत पूर्ण गुंडाळून, पुस्तकासारखी उभी, स्पीकर आणि विजेच्या मोटारीपासून दूर, घराच्या आतल्या भिंतीलगतच्या कपाटात ठेवावी. माळा आणि गच्चीलगतची खोली टाळावी. आमची कॅसेट आता त्याच कपाटात आहे, पण वरच्या कप्प्यात. खोक्यात उतरवल्याची तारीख लिहिलेली एक चिठ्ठी आहे आणि कण्यावर आईचे लेबल तसेच आहे. त्याच्यावर मी काहीही चिकटवलेले नाही.